लॉर्ड हेल्स यांचा ‘लॉर्ड’ कोणता?

अठराव्या शतकातल्या स्कॉटलंडवरचा एक लेख मराठीत आणणाऱ्या एका वाचकाने विचारले आहे : ‘लेखात एकाच माणसाला कुठे सर डेव्हिड डॅलरिम्पल म्हटले आहे, तर कुठे लॉर्ड हेल्स. “सर” आणि “लॉर्ड” दोन्ही कसे? लॉर्डसाठी “उमराव” लिहू का? आणि त्यांच्या वर्णनात आलेल्या “अँटिक्वेरी”ला “पुरातत्त्वज्ञ” हा शब्द चालेल का?’

आधी उत्तर सांगतो. उमराव लिहू नका आणि पुरातत्त्वज्ञही लिहू नका. ‘न्यायमूर्ती’ आणि ‘इतिहाससंशोधक’ हे मराठीत रुळलेले दोन शब्द या गृहस्थांना नेमके बसतात. का बसतात, ते त्यांच्या आयुष्याकडे पाहिल्यावर कळते, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

‘लॉर्ड’ म्हटले की मराठी माणसाच्या डोळ्यांपुढे डलहौसी आणि कर्झन उभे राहतात. त्याच शब्दाचे आपण ‘लाट’ केले आणि ‘मोठा लाटसाहेब लागून गेलास’ असे घरातल्या घरात म्हणूही लागलो. त्यामुळे लॉर्ड म्हणजे सरदारकी, सत्ता, जहागीर, ही सांगड मनात इतकी पक्की आहे की मुंबईचे गव्हर्नर माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन यांनाही पुष्कळ जण लॉर्ड करून टाकतात. ते कधीच लॉर्ड नव्हते. लॉर्ड एल्फिन्स्टन हे १८५७च्या धामधुमीत मुंबईचे गव्हर्नर असलेले वेगळे गृहस्थ.

स्कॉटलंडमध्ये मात्र या शब्दाची आणखी एक वाट आहे. एडिंबरोचे ‘कोर्ट ऑफ सेशन’ हे तिथले सर्वोच्च दिवाणी न्यायालय १५३२ साली पाचव्या जेम्स राजाच्या काळात स्थापन झाले. तिथल्या न्यायाधीशाला नेमणुकीबरोबर ‘लॉर्ड’ हे संबोधन मिळते. ते मुलाकडे जात नाही आणि त्याने संसदेच्या वरिष्ठ सभागृहात जागाही मिळत नाही. संबोधनापुढे कोणी आपले आडनाव लावी, कोणी आपल्या जमिनीचे किंवा गावाचे नाव. हेन्री होम झाले लॉर्ड केम्स, जेम्स बर्नेट झाले लॉर्ड मॉनबॉडो. चरित्रकार जेम्स बॉझवेल याचे वडील अलेक्झांडर बॉझवेल हे लॉर्ड ऑखिनलेक. त्याच रीतीने डेव्हिड डॅलरिम्पल १७६६ साली न्यायासनावर बसले आणि लॉर्ड हेल्स झाले. आपल्या उच्च न्यायालयात वकील ‘माय लॉर्ड’ म्हणतात तेव्हा समोरचे न्यायमूर्ती कुठले उमराव आहेत असे कोणी समजत नाही. इथेही तसेच समजायचे. ‘लॉर्ड हेल्स’मधला लॉर्ड ‘न्यायमूर्ती तेलंग’मधल्या न्यायमूर्तीच्या जातीचा आहे.

हे संबोधन पदापुरतेच होते याचा एक ठळक पुरावा आहे. या न्यायाधीशांच्या बायकांना ‘लेडी’ म्हणवून घेण्याचा हक्कच नव्हता. नवरा लॉर्ड अमुक आणि बायको साधी मिसेस तमुक, तीही वेगळ्याच आडनावाची. १९०५ साली राजाज्ञा निघाली तेव्हा कुठे त्यांना ‘लेडी’ लावता येऊ लागले.

आता ‘सर’. हा मात्र घराण्याचा. हेल्स यांच्या आजोबांना बॅरोनेट हा किताब होता. तो वडिलांकडे आला आणि वडिलांच्या पश्चात डेव्हिड यांच्याकडे, म्हणून ते तिसरे बॅरोनेट. मुंबईकरांना ही पद्धत ओळखीची असायला हरकत नाही. सर जमशेटजी जीजीभाई यांना १८५७ साली मिळालेला किताब याच प्रकारचा, आणि त्यांच्या घराण्यात ‘सर’ पिढ्यान्‌पिढ्या चालला. सर रामकृष्णपंत भांडारकरांचे ‘सर’ तसे नव्हते, ते त्यांच्यापुरतेच. बॅरोनेट हा उमरावांत मोडत नाही हेही लक्षात ठेवावे. म्हणजे सर डेव्हिड डॅलरिम्पल हे घरचे नाव, लॉर्ड हेल्स हे कोर्टातले, आणि दोन्ही धरूनही माणूस उमराव ठरत नाही.

हा फरक खुद्द हेल्स यांच्याइतका बारकाईने जाणणारा माणूस त्यांच्या काळात दुसरा मिळाला नसता. सदरलंडची अर्लपदाची (अर्ल हा खऱ्या उमरावांतला एक दर्जा) गादी एलिझाबेथ नावाच्या अनाथ बालिकेला मिळावी की पुरुष वारसाला, असा वाद पेटला तेव्हा हेल्स तिचे एक पालक होते. १७७० साली त्यांनी तिच्या बाजूने जे निवेदन तयार केले त्यात स्कॉटलंडमधल्या जुन्या अर्लपदांचा वारसा स्त्रियांकडे कसा गेला, हे सनदा आणि दप्तरे उघडून दाखवले. १७७१ साली निकाल तिच्या बाजूने लागला. सरदारकीच्या कायद्यावर लिहिणारे पुढची कित्येक वर्षे त्या निवेदनाचा आधार घेत राहिले.

आणि इथेच दुसऱ्या शब्दाचा प्रश्न येतो. ‘पुरातत्त्वज्ञ’ म्हटले की आज आपल्याला उत्खनन आठवते : खापरे, नाणी, थर, मोजमाप. जुन्या मराठीतला ‘पुराणवस्तुसंशोधक’ हाही वस्तूंपाशीच थांबतो. हेल्स यांनी जमीन खणली नाही. त्यांनी कागद खणले. सनदा, पत्रे, चर्चच्या परिषदांचे ठराव, हस्तलिखित बाडे, म्हाताऱ्यांच्या तोंडची गाणी, हे त्यांचे क्षेत्र. राजवाडे, खरे, पारसनीस यांच्यामुळे ‘इतिहाससंशोधक’ या मराठी शब्दाला जो अर्थ आला, साधने शोधणारा, ती पारखणारा आणि छापून सर्वांपुढे ठेवणारा, तो इथे जसाच्या तसा लागू पडतो. १९१०मध्ये पुण्यात मंडळ काढताना त्याच्या नावात ‘इतिहास संशोधक’ हे शब्द घातले गेले, यातच तो अर्थ किती रुजला होता ते दिसते. ‘अँटिक्वेरी’ हा शब्दही आपल्याकडे परका नाही. जेम्स बर्जेस या स्कॉटिश माणसानेच १८७२ साली मुंबईत ‘इंडियन अँटिक्वेरी’ हे नियतकालिक सुरू केले. शिलालेख, ताम्रपट, पोथ्या, लोककथा असे सगळे त्यात येई, आणि भांडारकर, तेलंग, भगवानलाल इंद्रजी त्यात लिहीत.

हेल्स यांचा जन्म २८ ऑक्टोबर १७२६ रोजी एडिंबरोचा. शाळा इंग्लंडमध्ये ईटनला, कायद्याचे शिक्षण हॉलंडमध्ये उट्रेख्टला, १७४८ साली वकिलीची सनद. १७७६पासून ते फौजदारी न्यायालयाचेही न्यायाधीश होते. २९ नोव्हेंबर १७९२ रोजी ते वारले. एवढ्या काळात त्यांनी छापलेल्या पुस्तकपुस्तिकांची यादी लांबलचक आहे. पहिल्या जेम्सच्या कारकिर्दीतली कागदपत्रे १७६२ साली, पहिल्या चार्ल्सची १७६६ साली. हे सरळसरळ राजवाडे यांच्या ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेच्या धर्तीचे काम आहे, फक्त सव्वाशे-दीडशे वर्षे आधीचे. तारुण्यात त्यांनी ‘एडम ऑफ गॉर्डन’ हा पोवाड्यासारखा गीतप्रकार एका बाईंच्या आठवणीतून उतरवून १७५५ साली ग्लासगोला छापवून घेतला. बिशप पर्सी यांच्या प्रसिद्ध गीतसंग्रहाला पुढे त्याचा उपयोग झाला.

माझ्या मते त्यांचे सर्वांत मोलाचे काम १७७०चे, आणि त्यापाशी थोडे थांबायलाच हवे. १५६८ साली एडिंबरोत प्लेग पसरला असताना जॉर्ज बॅनटाइन नावाच्या व्यापारी घराण्यातल्या माणसाने जुन्या कविता एका भल्यामोठ्या बाडात उतरवून काढल्या. हेन्रिसन, डनबार यांच्यासारख्या कवींच्या कितीतरी रचना आज आपल्याला वाचायला मिळतात त्या या एका बाडामुळे. हेल्स यांच्याआधी ॲलन रॅम्झी या कवीने त्यातल्या कविता १७२४ साली छापल्या होत्या, पण त्याने शब्द बदलले, ओळी गाळल्या, पदरच्या घातल्या. हेल्स यांनी मूळ बाड पुढ्यात घेतले आणि निवडक कविता मुळाबरहुकूम छापल्या. मागे टिपा जोडल्या, अडलेल्या शब्दांचे अर्थ दिले, आणि रॅम्झीने कुठे हात फिरवला आहे तेही स्पष्ट सांगितले. आज आपण ज्याला पाठचिकित्सा म्हणतो तिच्याच वाटेचे हे काम होते. पुढे १८२३ साली वॉल्टर स्कॉट यांनी जुने स्कॉटिश ग्रंथ छापणारी संस्था काढली आणि तिला बॅनटाइनचेच नाव दिले.

त्यांच्या कामात न्यायाधीशाची सवय जागोजागी दिसते. ‘रेजियाम मॅजेस्टाटेम’ नावाचा कायद्याचा ग्रंथ स्कॉटलंडचा राजा पहिला डेव्हिड याच्या काळचा, म्हणून अभिमानाने मिरवला जाई. हेल्स यांनी १७६९ साली साक्षीपुरावा तपासावा तसे त्यातले दावे एकेक तपासले आणि तो इतका जुना असू शकत नाही हे दाखवले. स्वतःच्या देशाच्या अभिमानाचा विषय असताना असे लिहायला धैर्य लागते. खोटी सनद ओळखणे आणि खोटी साक्ष ओळखणे ही कामे त्यांच्या लेखी वेगळी नव्हतीच.

‘ॲनल्स ऑफ स्कॉटलंड’ हा त्यांचा मोठा ग्रंथ दोन खंडांत १७७६ आणि १७७९ साली आला. शीर्षकाचे मराठी काय करावे असे प्रश्नकर्त्याने विचारलेले नाही, पण लेखात ते येणारच. ‘बखर’ मुळीच करू नका, बखरीचा आणि या ग्रंथाचा स्वभाव अगदी उलट आहे. ‘शकावली’ जवळचा आहे. ‘जेधे शकावली’ वाचलेल्याला कल्पना लगेच येईल. पण आपल्या शकावलीतल्या नोंदी त्रोटक असतात आणि हेल्स प्रत्येक घटनेला आधार देत, मतभेद नोंदवत जातात, म्हणून ‘स्कॉटलंडचा सनवार इतिहास’ हे मला अधिक बरे वाटते. अकराव्या शतकातल्या तिसऱ्या माल्कमपासून १३७१ साली स्टुअर्ट घराणे गादीवर येईपर्यंतचा काळ त्यात आहे. याची छापण्याआधीची पाने बॉझवेलमार्फत लंडनला प्रसिद्ध इंग्रज कोशकार डॉ. सॅम्युअल जॉन्सन यांच्याकडे जात आणि जॉन्सन ती तपासून परत पाठवीत. सनांचा पक्केपणा, घटनांची खात्री आणि आधार देण्यातला काटेकोरपणा यांची जॉन्सन यांनी मनापासून वाखाणणी केली. स्कॉटिश माणसांना टोमणे मारण्याची एकही संधी न सोडणाऱ्या माणसाकडून आलेली ही दाद आहे.

या काटेकोरपणाची वकीलमंडळी टिंगलही करीत. कोर्टातल्या न्यायाधीशांवर एक विडंबनगीत तेव्हा फिरत असे. त्यातले हेल्स म्हणतात, ‘या दाव्याचा निवाडा मी करू कसा? “जस्टिस” शब्दाच्या शेवटी एक “ई” कमी आहे.’ मला यात त्यांचा कमीपणा दिसत नाही. दस्तऐवजातला एक काना-मात्रा इकडचा तिकडे झाला तर जमीन कोणाची हे बदलते, हे महाराष्ट्रात कुळकर्ण्याचे दप्तर पाहिलेल्या कोणालाही पटेल.

त्यांचे सगळेच मला पटते असे नाही. १७५४ साली वकिलांच्या ग्रंथालयाच्या देखरेख समितीवर असताना त्यांनी आणि सहकाऱ्यांनी तीन फ्रेंच पुस्तके अश्लील ठरवून काढून टाकायला लावली. ती विकत घेणारे ग्रंथपाल होते तत्त्वज्ञ डेव्हिड ह्यूम. जुन्या कागदाचा तुकडासुद्धा जपणाऱ्या माणसाने नवे पुस्तक फळीवरून उतरवावे, हे मला खटकते. धर्माच्या बाबतीत ते कडक होते. ख्रिस्ती धर्माच्या प्रसाराची इतिहासकार गिबन यांनी दिलेली कारणे खोडायला त्यांनी १७८६ साली एक आख्खे पुस्तक लिहिले.

पण न्यायासनावरचे हेल्स पाहायचे तर १७७८ सालचा जोसेफ नाइट यांचा खटला पाहावा. जमैकातून गुलाम म्हणून स्कॉटलंडला आणलेल्या नाइट यांनी मालकाविरुद्ध दाद मागितली होती. कोर्ट ऑफ सेशनने बहुमताने ठरवले की जमैकाचा गुलामगिरीचा कायदा या भूमीवर चालणार नाही. हेल्स त्या बहुमतात होते. आपल्या कोर्टातल्या निकालांची आणि सहकारी न्यायाधीशांच्या मतांची टिपणे ते वर्षानुवर्षे ठेवीत. ती १८२६ साली दोन खंडांत छापली गेली. कोण न्यायाधीश काय म्हणाला हे त्यांतून आज कळते. इथेही संशोधकच कामाला लागलेला दिसतो.

एडिंबरोच्या पूर्वेला मसलबरोजवळ न्यूहेल्स हे त्यांचे घर. तिथल्या ग्रंथालयाला जॉन्सन ‘युरोपातला सर्वांत विद्वान दिवाणखाना’ म्हणाल्याचे सांगतात. घर आता स्कॉटलंडच्या नॅशनल ट्रस्टकडे आहे आणि ग्रंथ राष्ट्रीय ग्रंथालयात. एडिंबरोच्या जुन्या आख्यायिका जमवणारे रॉबर्ट चेंबर्स यांनी त्यांच्या मृत्यूनंतरची एक हकीकत दिली आहे. मृत्युपत्र सापडेना. इस्टेट मुलीला, ख्रिश्चनला न मिळता पुरुष वारसाकडे जाण्याची वेळ आली. मग शहरातले घर बंद करायला तिने नोकर पाठवले. ते खिडक्यांची दारे ओढू लागले आणि एका लाकडी फळीमागून मृत्युपत्र जमिनीवर पडले. न्यूहेल्स तिला मिळाले. एका मुलीचा वारसाहक्क जुन्या कागदांच्या बळावर सिद्ध करून देणाऱ्या माणसाच्या स्वतःच्या मुलीला असाच एक कागद तारून गेला.

तेव्हा लेखात पहिल्यांदा नाव येईल तिथे ‘न्यायमूर्ती सर डेव्हिड डॅलरिम्पल, अर्थात लॉर्ड हेल्स, हे स्कॉटिश न्यायाधीश आणि इतिहाससंशोधक’ असे लिहा. पुढे सर्वत्र ‘लॉर्ड हेल्स’ किंवा नुसते ‘हेल्स’ ठेवा. ‘लॉर्ड डॅलरिम्पल’ आणि ‘सर हेल्स’ ही दोन्ही रूपे चूक. शेवटच्या ‘स’चा उच्चार ‘जहाज’मधल्या ‘ज’सारखा होतो, पण लिहिताना ‘हेल्स’ पुरे. आणि सूचीत अलेक्झांडर डॅलरिम्पल हे नाव आले तर ते यांच्या नोंदीत मिसळू देऊ नका. ते हेल्स यांचे धाकटे भाऊ. ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीत मद्रासला आलेले, पुढे कंपनीचे आणि मग ब्रिटिश आरमाराचे सागरी नकाशे करणारे. त्यांना ‘लॉर्ड’ही नव्हते आणि ‘सर’ही नव्हते.