बाहुल्या बोलत नाहीत, पण त्यात करिअर आहे का?

ताई, पत्र वाचलं आणि सोबतचा व्हिडिओ पण बघितला. मुलगी बारावी सायन्सला, अभ्यास सोडून तार आणि चिंध्यांच्या बाहुल्या करून मोबाईलवर फिल्म काढत बसते, त्यात कोण एक शब्द बोलत नाही, मग पुढं पोटापाण्याचं काय, ही तुमची काळजी. ती बरोबरच आहे. पण तिच्या फिल्ममध्ये आजी ताट पुढं करते आणि रुसलेली नात ताटाकडं न बघता नुसती बोटभर आजीकडं सरकते ना, तिथंच मला कळलं की यांचं भांडण मिटलं. हे कुठलं सॉफ्टवेअर शिकवत नाही हो.

यिरी त्रन्का या चेक कलाकाराची १९६५ ची 'द हँड' ही बाहुल्यांची फिल्म तिला दाखवा. कुंड्या घडवणारा एक साधा कारागीर आणि त्यानं कुंड्या सोडून हाताचाच पुतळा करावा म्हणून मागं लागलेला एक भलामोठा हात, सत्ता आणि माणूस यांचं सगळं नातं त्यात आलंय आणि संवाद एकही नाही. बाहुलीचा चेहरा बदलत नाही, मान कलली, उजेड बदलला की तोच चेहरा भ्यालेला वाटतो.

मेहनत मात्र प्रचंड. बाहुली जराशी हलवायची, फोटो काढायचा, परत हलवायची, अशी ही फिल्म बनते. सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे २४ चित्रं, एक पोझ दोन फ्रेम धरली तरी फिल्मच्या एका मिनिटाला ७२० वेळा बाहुली हलवायची.

शिक्षणाचं म्हणाल तर अहमदाबादच्या एनआयडीत, म्हणजे राष्ट्रीय डिझाईन संस्थेत, ॲनिमेशन फिल्म डिझाईन आहे, त्यासाठी डॅट ही प्रवेश परीक्षा द्यावी लागते, आयआयटीच्या डिझाईन डिग्रीसाठी यूसीड ही परीक्षा, दोन्ही परीक्षांना बसायला कुठलीही शाखा चालते. म्हणून बारावी नीट पास होऊ दे. नुसत्या बाहुलीपटावर आपल्याकडं घर चालणं अवघड आहे, खोटं सांगत नाही, पण जाहिराती, मुलांचे कार्यक्रम, कॉम्प्युटर ॲनिमेशन, सगळीकडं पात्राला जिवंत करणारा माणूस लागतोच. लाखाची फी घेऊन नोकरीची गॅरंटी देणाऱ्या क्लासला लगेच पैसे भरू नका.

सुट्टीत कुडाळजवळ पिंगुळीला घेऊन जा, तिथं ठाकर कलाकारांच्या कळसूत्री बाहुल्या आहेत. खेळात गाणं, कथन असतं, तिला म्हणावं एकदा कान झाकून नुसते हात बघ. आणि इथं रंकाळ्यावर बसून माणसं बघू दे, नवराबायको भांडल्यावर किती अंतर ठेवून चालतात, कोण आधी थांबतं, ते वहीत काढू दे, पोर्टफोलिओला, म्हणजे स्वतःच्या कामाचे नमुने दाखवायला, हेच कामाला येईल.

आणि हो, शूटिंग चालू असताना तिचं टेबल आवरू नका, बाहुली जरा जरी हलली तरी तो शॉट पहिल्यापासून करायला लागू शकतो.