सांगलीतला फौजदारी खटला चार वर्षं रखडलाय, भाऊ कच्चा कैदी आहे. हायकोर्ट मुदत घालून देईल का?

मुदत मिळणं आता अवघड आहे. 29 फेब्रुवारी 2024 ला सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने सांगितलं की, अपवादात्मक परिस्थिती असल्याशिवाय हायकोर्टाने खालच्या कोर्टाला ठरावीक तारखेत निकाल द्यायला सांगू नये. 'फार दिवस झाले' एवढ्यावर काम होत नाही.

आधी सत्र न्यायालयात नकलेचा अर्ज करून पहिल्या तारखेपासूनचा पूर्ण रोजनामा (प्रत्येक तारखेला कोर्टात काय झालं याची नोंद) काढा. प्रत्येक तारखेपुढे तहकुबीचं कारण लिहा: साक्षीदार गैरहजर, समन्स बजावलं नाही, आरोपीला तुरुंगातून आणलंच नाही, की तुमच्याच वकिलांनी तारीख मागितली. शेवटचं कारण वारंवार आलं असेल तर अर्ज तिथेच लंगडा पडतो. वकील दुसऱ्या कोर्टात गुंतलेत, हे तहकुबीचं कारण कायद्याला मान्यच नाही (जुन्या खटल्यांना सीआरपीसी, म्हणजे जुनी फौजदारी प्रक्रिया संहिता, कलम 309).

मग त्याच कोर्टात सुनावणी लवकर घेण्याचा लेखी अर्ज द्या. उपयोग झाला नाही तरच हायकोर्ट. ऑगस्ट 2025 पासून सांगली-साताऱ्याची प्रकरणं मुंबई हायकोर्टाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे जातात, मुंबईची खेप वाचली.

आणि नुसती 'लवकर चालवा' अशी मागणी करू नका, जामीनही मागा. दोषारोप कधी ठेवले, यादीतले साक्षीदार किती, तपासले किती, हे आकडे अर्जात पहिल्या पानावर हवेत. फाशी-जन्मठेपेचा गुन्हा नसेल आणि एकच खटला असेल, तर बीएनएसएस (सीआरपीसीच्या जागी आलेली भारतीय नागरिक सुरक्षा संहिता) कलम 479 बघा: कमाल शिक्षेच्या निम्मा काळ, पहिलाच गुन्हा असेल तर एक तृतीयांश काळ आत काढल्यावर सुटका मागता येते. हा अर्ज सत्र न्यायालयातच होतो.