खड्याच्या गौरी आणि सुनेचा कॅमेरा

“सूनबाई आमचे सणवार, देवघर सगळं जगाला दाखवते, हे बरं दिसतं का?” गणपती जवळ आले की हा प्रश्न माझ्याकडे हमखास येतो. तितक्याच सुनाही येऊन सांगतात, “मी करते ते काम आहे, हे घरात कुणाला पटतच नाही.” वाईकडच्या एका घरातून तर दोघी एकदमच आल्या. ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत.

शाळेतली नोकरी सुटल्यावर सुनेने यूट्यूबवर सणवार, फराळ, घरची सजावट असे व्हिडिओ सुरू केले होते. जाहिरातींच्या पैशातला वाटा मिळायला चॅनेलचे 1000 सबस्क्रायबर आणि मागच्या 12 महिन्यांत 4000 तासांचा वॉच टाइम, म्हणजे लोकांनी व्हिडिओ पाहिलेला वेळ, लागतो. सबस्क्रायबर झाले होते, तास भरत नव्हते. शिवाय वर्ष उलटलं की जुने तास मोजणीतून गळत जातात. श्रावण ते दिवाळी हाच तिचा खरा हंगाम, म्हणून तिचा जीव वरखाली होत होता. घरात हे तिने कधी कुणाला नीट सांगितलंच नव्हतं.

सासूबाईंचा राग मात्र कॅमेऱ्यावर नव्हता. सुमनताई धामणे यांचं ‘आपली आजी’ हे पाककृतींचं चॅनेल त्या स्वतः आवडीने बघतात. त्यांना वेगळं बसवून मी विचारलं, “काकू, नेमकं कुठे लागलं?” पदराचं टोक बोटाला गुंडाळत त्या बराच वेळ गप्प राहिल्या, मग सांगू लागल्या.

त्यांच्याकडे खड्याच्या गौरी. अनुराधा नक्षत्रावर कृष्णेवर जायचं, सात खडे वेचायचे आणि तबकात ठेवून घरी आणायचे. खडे आणणारीने तोंडात पाण्याची चूळ धरायची. दारात पायांवर पाणी घालून हळदकुंकू लागेपर्यंत अवाक्षर काढायचं नाही. गेल्या वर्षी हा मान त्यांनी सुनेला दिला. घाटाच्या पायऱ्या चढताना तिने चूळ टाकली आणि मोबाइलकडे बघून म्हणाली, “नमस्कार मंडळी!” मोबाइल धरला होता त्यांच्या मुलाने. यंदा तिने मुखवट्यांच्या उभ्या गौरी आणायच्या म्हटलं, कारण खडे थंबनेलमध्ये, म्हणजे व्हिडिओच्या दर्शनी चित्रात, उठूनच दिसत नाहीत. “इतकी वर्षं मी मुकी चालत आले. ते तिला काहीच वाटलं नाही का हो?” असं विचारताना त्यांचे डोळे भरून आले.

मला त्यांचं म्हणणं मोलाचं वाटलं. कुणाकडे मुखवट्यांच्या गौरी, कुणाकडे तेरड्याच्या, कुणाकडे खड्याच्या. कुठे पुरणपोळी आणि सोळा भाज्या, कुठे घावन-घाटलं. भरजरी साड्या नेसलेल्या उभ्या गौरी व्हिडिओत खुलून दिसतात, म्हणून त्याच पुन्हा पुन्हा समोर येतात, आणि मग घरोघरचे वेगळे कुलाचार आपल्याच माणसांना फिके वाटू लागतात. अनोळखी प्रेक्षकाला काय आवडेल यावरून घरातल्या गौरी बदलाव्यात, हे मला अजिबात पटत नाही.

पण सुनेची बाजूही नुसत्या व्ह्यूजची नव्हती. दोघींना समोरासमोर बसवलं तेव्हा ती हळूच म्हणाली, “आई, माझ्या माहेरी उभ्या गौरी. त्यांना साडी नेसवायला मी आईबरोबर बसायचे. इथे आल्यापासून ते राहूनच गेलं.” हे सासूबाई पहिल्यांदाच ऐकत होत्या.

तोडगा त्यांनीच काढला. “मुक्यानेच कर की शूटिंग. बोलायचं ते घरी आल्यावर बोल. आणि पूजनाला माहेरी जाऊन ये, तिथल्या गौरींचा व्हिडिओ कर. नैवेद्याचं मी बघते.” मी इतकंच सुचवलं की घाटावर मोबाइल मागून धरावा, चेहऱ्यासमोर नको. शिवाय काय दाखवायचं आणि काय नाही, हे श्रावण लागण्याआधीच एकत्र बसून ठरवावं. ऐन मुहूर्तावर परवानगी मागितली की समोरच्याला हो म्हणण्यावाचून इलाजच उरत नाही.

मुलाशी मी जरा कडक बोलले. गेल्या वर्षी आईचा चेहरा उतरलेला त्याला पडद्यावर दिसत होता, तरी तो चित्रीकरण करत राहिला. अशा वेळी नवऱ्याने मोबाइल खाली ठेवून दोघींशी बोलायला हवं. आता व्हिडिओ टाकण्याआधी आईला दाखवणं आणि खालच्या प्रतिक्रिया तपासून खोचक मजकूर काढणं, ही कामं त्याच्याकडे आहेत.

यंदाचा खड्याच्या गौरींचा व्हिडिओ फार चालला नाही. 4000 तास अजून भरायचे आहेत आणि त्याची सुनेला काळजी आहेच. सध्या आमचं बोलणं सहा वर्षांच्या नातीवर अडलंय. प्रत्येक व्हिडिओत ती हवी, असं सुनेला वाटतं. आजीचा ठाम नकार आहे. लहान मुलं ठळकपणे दिसणाऱ्या बहुतेक व्हिडिओंखालच्या प्रतिक्रिया यूट्यूब 2019 पासून बंद ठेवतं, ते उगीच नाही. या बाबतीत मी आजीच्या बाजूची आहे आणि तसं सुनेला स्पष्ट सांगितलंय. पुढच्या भेटीत नातीलाही बोलावलं आहे.