‘घर मिळाले, पण आई यायला तयार नाही’

विस्थापित कुटुंबांतील तरुण पिढी ही काळजी वारंवार बोलून दाखवते: इतक्या वर्षांनी हक्काची सदनिका मिळते आणि घरातले वडीलधारे माणूसच पाय मागे घेते. समुपदेशक म्हणून जॉर्जियात दुभाष्याच्या मदतीने हाताळलेले असेच एक प्रकरण, ओळख पटेल असे तपशील बदलून, सांगतो.

1992-93 च्या युद्धात जॉर्जियातून फुटून निघालेल्या अबखाझिया प्रांतातून दोन लाखांहून अधिक लोकांना बाहेर पडावे लागले. त्यांतील हजारोंनी त्स्कालतुबो या गरम झऱ्यांच्या गावी, ओस पडलेल्या आरोग्यधामांत, काही महिन्यांपुरता म्हणून आसरा घेतला आणि तिथेच त्यांना नातवंडे झाली. माझ्याकडे आलेली स्त्री अबखाझियाची राजधानी सुखुमी सुटली तेव्हा चार वर्षांची होती. तिच्या आईच्या, म्हणजे तिच्या ‘देदा’च्या, खोलीत बाल्कनी फळ्यांनी बंद करून स्वयंपाकघर केलेले होते, मात्र भिंतीत एकही खिळा नव्हता. दिनदर्शिका पलंगाच्या दांडीला बांधलेली आणि कागदपत्रांची पिशवी दाराच्या मुठीला अडकवलेली.

मुलीच्या मते हा निव्वळ हट्ट होता. मीही ‘झाले ते आता स्वीकारा’ याच सुरात बोलत राहिलो आणि दोन भेटी वाया घालवल्या. तिसऱ्या भेटीत देदांनीच विचारले, “या कागदावर सही केली, म्हणजे तिकडच्या घरावर पाणी सोडले असेच ना?” ही भीती अगदीच निराधार म्हणता येणार नाही, कारण विस्थापितांविषयीचे 2007 चे सरकारी धोरण येईपर्यंत सरकारचा सारा भर परतीवरच होता, आणि इथे रुजणे म्हणजे परतीची आशा सोडणे, असा अर्थ लोकांनी लावला होता. सदनिका घेतल्याने मूळ घरावरचा वा परतीचा हक्क जात नाही, हे वकिलाने त्यांना समोर बसवून, दोनदा समजावले.

तरीही त्या हलेनात. मग कळले की 1993 पासून बेपत्ता असलेल्या पतीच्या शोध-अर्जावर याच खोलीचा पत्ता होता. मुलीला हे ठाऊक नव्हते. घरात तो विषयच निघत नसे. मायलेकींनी एकत्र जाऊन पत्ता बदलून घेतला, आणि माझ्या मते खरे समुपदेशन त्या रांगेतच झाले.

शरद ऋतूत देदा नव्या घरी गेल्या. भिंतीत खिळा ठोकू का, असे मुलीने मला विचारले, तेव्हा मी तिला थांबायला सांगितले. पिशवी अजून दाराच्या मुठीलाच आहे.