ॲनिमेशनला ‘छायाचित्रकार’ कशाला?

प्रश्न असा आहे: ‘जपानी ॲनिमेशनकार तादाहितो मोचिनागा आधी छायाचित्रकार होते, पुढे दिग्दर्शक झाले, असं वाचलं. कार्टून तर हाताने काढतात. मग इथे ‘चित्रकार’ म्हणायचं असेल का?’

नाही, छायाचित्रकारच! हा घोळ सारखा कानावर येतो. नुसती चित्रं काढून सिनेमा होत नाही, ती एकेक करून कॅमेऱ्याखाली टिपावी लागतात. १९४१च्या ‘आरिचान’ या मुंगीच्या गोष्टीसाठी मोचिनागांनी जपानातला पहिला मल्टिप्लेन कॅमेरा उभा केला. काचेचे थर एकाखाली एक, वरून बघणारं भिंग. जवळचा थर भरभर सरकवायचा, लांबचा हळू. सपाट चित्राला खोली येते ती अशी.

पण मजा पुढेच आहे. जपानीत या कामाला ‘सात्सुएइ’ म्हणतात. ‘सात्सु’च्या अक्षराचा जुना अर्थ चिमटीने उचलणं, ‘एइ’ म्हणजे छाया. छाया चिमटीत धरायची! हेच दुसरं अक्षर ‘कागे’ असंही वाचतात, आणि ‘त्सुकिकागे’ म्हणजे चंद्राची सावली नव्हे, चांदणं. आपली छायाही तशीच. मेघदूतातली ‘रत्नच्छाया’ म्हणजे रत्नांची झळाळी. त्यामुळे ‘फोटो म्हणजे प्रकाश, म्हणून प्रकाशचित्रण हाच शुद्ध शब्द’ असं बजावणाऱ्यांशी माझं अजिबात पटत नाही. त्यांनी छायेचा अर्धाच अर्थ वाचलाय. उजेड आणि सावली दोन्ही पोटात घेतो म्हणूनच हा शब्द टिकला, असं माझं ठाम मत आहे.

‘दिग्दर्शका’चंही तसंच. आपला दिग्दर्शक दिशा दाखवतो. जपानी ‘कान्तोकु’ देखरेख करतो. छायाचित्रणाचा प्रमुख ‘सात्सुएइ कान्तोकु’, सिनेमाचा दिग्दर्शक नुसता ‘कान्तोकु’.

मोचिनागा १९४५ साली मांचुरियात गेले. युद्ध संपल्यावरही चीनमध्येच राहिले आणि १९४८ मध्ये फांग मिंग या चिनी नावाने त्यांनी व्यंगपट दिग्दर्शित केला. १९५३ला मायदेशी परतून बाहुलीपटांकडे वळले. १९६४चा अमेरिकी दूरचित्रवाणीवरचा ‘रुडॉल्फ’ हा लाल नाकाच्या रेनडिअरचा बाहुलीपट त्यांच्याच देखरेखीखाली जपानात चित्रित झाला, तोही बाहुली केसभर हलवून, एकेक चौकट टिपत.

आता सेलवरचा, म्हणजे चित्रं रंगवलेल्या पारदर्शक तावांवरचा कॅमेरा गेला, थर संगणकावर जुळवतात. तरी जपानी श्रेयनामावलीत ‘सात्सुएइ’च लिहितात. मराठीतही बिनदिक्कत ‘छायाचित्रण’ लिहा.