हॉकिंग यांचा तो आवाज कोणाचा होता?

तुम्ही विचारलंय, शास्त्रज्ञ स्टीफन हॉकिंग ज्या यांत्रिक आवाजात बोलायचे त्यामागे खरा माणूस होता का? होता. डेनिस क्लॅट, यंत्राला बोलायला शिकवणारे अमेरिकी संशोधक. पण तो आवाज त्यांनी बोलून टेप केलेला नव्हता. त्यांनी स्वतःच्या आवाजाची मापं काढली आणि तो नियमांवरून नव्यानं बनवला.

मी कोल्हापुरात मार्केट यार्डातल्या एका गुळाच्या अडत दुकानात हिशेब बघतो. नजर हळूहळू गेली. आता संगणक वाचून दाखवतो आणि सौदे झाले की रवे, वजन, दर, शेतकऱ्याची पट्टी हे सगळं मी कानानं तपासतो. म्हणून क्लॅट यांचं नाव निघालं की मला गप्प बसवत नाही.

जन्म १९३८, मिलवॉकीचा. १९६४ साली मिशिगन विद्यापीठाची डॉक्टरेट, पुढच्या वर्षी एमआयटी ही अमेरिकेतली तंत्रज्ञान संस्था, आणि मग शेवटपर्यंत तिथंच. घशातून निघते ती नुसती भुणभुण असते. तोंडाची पोकळी आकार बदलते तसे त्यातले ठरावीक सूर घुमतात, आणि त्यावरून कानाला अक्षर कळतं. 'ई' म्हणताना पहिला घुमारा ३०० हर्ट्झच्या आसपास असतो, दुसरा २००० च्या वर. 'आ' म्हणा, पहिला ७०० कडे चढतो आणि दुसरा बराच खाली येतो. हेच घुमारे यंत्रात तयार करून बोलणं बनवायची पद्धत क्लॅट यांच्या आधीही होती, स्वीडनचे गुन्नार फांट त्यातले मोठे. पण क्लॅट यांनी १९८० साली आपला अख्खा प्रोग्रॅम शोधनिबंधात छापून टाकला. ३९ मापं भरायची, आवाज तयार. कुणीही घ्या. मला त्यांचं हे फार मोठं वाटतं.

अक्षरं जमली तरी बोलणं जमत नाही. इंग्रजीत 'बॅट'पेक्षा 'बॅड'मधला स्वर लांब असतो, वाक्याच्या शेवटी तो आणखी लांबतो. असे नियम त्यांनी वर्षानुवर्षं मोजून बसवले. आपल्याकडे चहाचा च आणि चमच्याचा च लिहायला एकच, उच्चाराला वेगळे. यंत्राला तेही कुणीतरी बसून शिकवावं लागतं.

यातूनच १९८० च्या दशकात डेकटॉक हे लिहिलेलं बोलून दाखवणारं यंत्र आलं. त्यातला पुरुषाचा आवाज क्लॅट यांनी स्वतःवरून बनवला, बाईचा बायकोवरून, लहान मुलाचा मुलीवरून. १९८५ साली श्वासनलिकेच्या शस्त्रक्रियेनंतर हॉकिंग यांचं बोलणं गेलं. त्यांना मिळालेलं यंत्र दुसऱ्या कंपनीचं, पण आवाजाची घडण क्लॅट यांचीच. त्याच काळात थायरॉइडच्या कर्करोगानं क्लॅट यांचा स्वतःचा आवाज घोगरा होत चालला होता. ३० डिसेंबर १९८८ ला ते गेले, पन्नाशीत. हॉकिंग २०१८ पर्यंत त्याच आवाजात बोलत राहिले. पुढं चांगले आवाज निघाले, त्यांनी बदलला नाही.

माझ्या संगणकातला ई-स्पीक हा फुकट मिळणारा वाचून दाखवणारा प्रोग्रॅमही याच पद्धतीचा, मराठी बोलणारा. मुलगी म्हणाली, "आण्णा, आता माणसासारखे आवाज आलेत, लावून देते." लावला. ऐकायला गोड आहे. पण दिवाळीनंतर गुळाचा हंगाम चढला, वेग तिप्पट केला आणि आकडे एकमेकांत मिसळायला लागले. दुसऱ्या दिवशी जुनाच परत लावून घेतला. त्याला पत्र्यासारखा म्हणतात, पण तेवढ्या वेगातही त्याचे 'सात' आणि 'साठ' मला वेगळे ऐकू येतात.