वाचकांचे प्रश्न: सात थर, सात ओव्या

प्रश्न : आम्ही फोंड्यातले चौघे सात मिनिटांचा प्रायोगिक लघुपट करतोय. बेबिंका या गोव्याच्या गोड पदार्थाचे एकावर एक भाजलेले सात थर आणि फादर स्टीफन्स या ख्रिस्ती धर्मोपदेशकाच्या 'क्रिस्तपुराण' या ख्रिस्तकथेवरच्या काव्यातल्या सात ओव्या, असा घाट आहे. पण चाचणीत थरांचा रंग चढताना दिसला नाही, कापल्यावर थर सुटले आणि ओवी वरून चिकटवल्यासारखी वाटते. काय करावे?

उत्तर : आधी भांडे. सात थरांना १२ बलक, ३५० ग्रॅम साखर, १५० ग्रॅम मैदा, ५०० मिली नारळाचा घट्ट रस, १२० ग्रॅम तूप आणि जायफळ. साखर कोमट रसात विरघळवा. रस पूर्ण निवल्यावरच बलक घाला, नाहीतर ते शिजून गुठळ्या होतात. मग गाळा. १८ सेंमीच्या भांड्यात दर थराला १३० मिली मिश्रण पुरते.

थर सुटतात ते बहुधा खालचा थर कडक होईपर्यंत भाजल्यामुळे किंवा त्यावर तूप साचल्यामुळे. थर तपकिरी झाला की गरम असतानाच चमचाभर तूप सारखे पसरा आणि लगेच पुढचे मिश्रण ओता.

रंग न दिसण्याचे कारण कॅमेऱ्यात आहे. व्हाइट बॅलन्स (रंगांचा समतोल) आणि एक्स्पोजर (उजेडाचे प्रमाण) ऑटोवर असले की कॅमेरा तपकिरी छटा 'सुधारत' राहतो. दोन्ही मॅन्युअलवर लॉक करा.

आता ओवी. थर भाजायला सोडणांचे (नारळाच्या सालांचे) निखारे झाकणावर असताना आत काय चाललेय ते कोणालाच दिसत नाही. भाजणारा वासावर आणि सवयीवर विसंबतो. तुमच्या विषयातली श्रद्धा मला इथेच दिसते, म्हणून काचेच्या ओव्हनच्या मोहात पडू नका. झाकणच दाखवा. दर ३ सेकंदांना एक छायाचित्र घ्या. साडेबारा मिनिटांत २५० होतात, म्हणजे सेकंदाला २५ फ्रेमच्या वेगाने बरोबर १० सेकंद. तेवढ्यात लाल निखाऱ्यांवर राख चढते आणि संथ म्हटलेली एक ओवीही बसते. पहिले तीन यमकबद्ध चरण निखाऱ्यांवर येऊ द्या. चौथा, आखूड चरण झाकण उचलताना.

'क्रिस्तपुराण' १६१६ साली गोव्यातल्या रायतूरला रोमन लिपीत छापला गेला, पण भाषा मराठी. वाचणाऱ्याला १९५६ ची, शांताराम बांदेलू यांनी संपादित केलेली देवनागरी प्रत द्या. अडखळत वाचले की चरणांची लय मोडते.

बेबिंका रात्रभर निवू द्या, सुरी दर कापाला पुसा, प्रकाश बाजूने टाका. त्या दृश्यावर ओवी नको. सुरीचा आवाज पुरे.